सामना बघायला जाताय? आधी परतीची गाडी ठरवा



मार्च संपत आला की आपल्या पिंपळगावात दोन गोष्टी एकदमच रंगात येतात. एकीकडे द्राक्षाचा हंगाम आवरत असतो आणि उन्हाळ कांद्याच्या गाड्या बाजार समितीत लागू लागतात. दुसरीकडे आय.पी.एल.चे सामने सुरू होतात. दिवसभर बागेत नाहीतर कांद्याच्या खळ्यावर राबलेली माणसे रात्री साडेसातला टी.व्ही.समोर बसतात, टी.व्ही. नसेल तर एका मोबाईलभोवती चौघे बसतात. पडद्यावर वानखेडे मैदान दिसते, दिव्यांचा लखलखाट दिसतो, गॅलरीत बापाच्या खांद्यावर बसून झेंडा हलवणारी पोरे दिसतात. मग घरातले एखादे लेकरू विचारते, "आपण कधी जायचं तिथं?" आणि मोठी माणसे हसून विषय बदलतात.

आमचे म्हणणे असे की, हा विषय हसून बदलू नये. दरवर्षी नाही जमणार, पण दोन-तीन वर्षांतून एकदा सगळ्या कुटुंबाने मैदानावर जाऊन प्रकाशझोतातला सामना बघावा. ही चैन आहे, हे आम्हाला मान्य आहे. पण कष्ट करणाऱ्या माणसाने आयुष्यात चैन करूच नये असे कोणी सांगितले? अट एकच. ती उसनवारीवर करू नये, आणि घरच्या बाईला चुलीपाशी ठेवून करू नये. हे दोन्ही जमायचे असेल तर आधी बसून हिशेब करावा लागतो. तोच हिशेब आज आपल्यापुढे मांडतो.

त्याआधी एक गोष्ट सांगितली पाहिजे. मैदानावरची जागा ही साधी गोष्ट नाही. आपल्या क्रिकेटसारखाच बॅट-बॉलचा एक खेळ अमेरिकेत आहे, त्याला बेसबॉल म्हणतात. तिकडची कामगार कुटुंबे संध्याकाळी मुलाबाळांसह हे सामने बघायला जातात. पण त्याच अमेरिकेत सेंट लुईस शहराच्या मैदानावर १९४४ सालापर्यंत काळ्या माणसाला तिकीट काढूनही हव्या त्या जागी बसता येत नव्हते. त्याची बसण्याची जागा वेगळी ठरवलेली होती. गॅलरीत ही गत, मग मैदानात काय असणार? तिथल्या सर्वांत मोठ्या व्यावसायिक स्पर्धांत जवळजवळ साठ वर्षे एकही काळा खेळाडू घेतला गेला नाही. १५ एप्रिल १९४७ रोजी जॅकी रॉबिन्सन ब्रुकलिन डॉजर्स या संघाकडून मैदानात उतरले आणि ती भिंत पडली. आज दरवर्षी १५ एप्रिलला तिथले सगळे खेळाडू रॉबिन्सन यांचा ४२ क्रमांक पाठीवर घालून खेळतात. आपली १४ एप्रिलची मिरवणूक संपते आणि दुसऱ्याच दिवशी साता समुद्रापलीकडे हा मान दिला जातो, हे आपल्या मुलांना जरूर सांगावे.

आणि आपल्याकडे काय होते? पळवणकर बाळू यांचे नाव किती घरांत माहीत आहे? चर्मकार समाजात जन्मलेले हे गृहस्थ पुण्यात गोऱ्या साहेबांच्या जिमखान्यावर नोकरीला होते. खेळपट्टीवर रोलर फिरवायचा, जाळी बांधायची आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकायचे, हे त्यांचे काम. त्यातूनच ते त्या काळातले देशातले अव्वल डावखुरे फिरकी गोलंदाज झाले. १९११ साली भारताचा संघ इंग्लंडला गेला, त्या दौऱ्यात त्यांनी शंभरावर बळी घेतले. पण पुण्यातल्या सवर्ण सहकाऱ्यांबरोबर खेळताना चेंडू त्यांच्या हातून चालायचा, चहा चालायचा नाही. त्यांना चहा पॅव्हेलियनच्या बाहेर आणि वेगळ्या भांड्यात मिळायचा. पुढे १९३७ च्या निवडणुकीत ते मुंबईत बाबासाहेबांच्या विरोधात उभे राहिले आणि पराभूत झाले, हाही इतिहास आहे. तो झाकायचे कारण नाही. परंतु पॅव्हेलियनच्या बाहेर उभे राहून त्यांनी प्यायलेला तो चहा आपण विसरू नये. आज आपण तिकीट काढतो, तिकिटावर खुर्चीचा क्रमांक असतो आणि त्या खुर्चीवर आपल्याला जात विचारून कोणी बसवत नाही. म्हणून आम्ही म्हणतो, एकदा तरी त्या खुर्चीवर जाऊन बसा आणि मुलांना शेजारी बसवा.

आता मुद्द्याचे बोलू.

पहिला प्रश्न, जायचे कोणी? आपल्याकडे सामना बघायला जाणे म्हणजे चार तरणी पोरे गाडी करून गेली, असे समजतात. घरातली बाई डबा करून देते आणि रात्रभर दार उघडायला जागी राहते. ही रीत मोडली पाहिजे. २ नोव्हेंबर २०२५ रोजी नव्या मुंबईत नेरूळच्या डी. वाय. पाटील मैदानावर भारताच्या मुलींनी दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून पहिल्यांदा विश्वचषक जिंकला. ज्या खेळात मुली जग जिंकतात, तो खेळ बघायला आपल्या घरातल्या मुलींनी जायचे की नाही, हा प्रश्नच उरत नाही. उलट आमची सूचना अशी की, पहिल्यांदा जाणाऱ्या कुटुंबाने महिलांचा सामनाच निवडावा. महिलांची डब्ल्यू.पी.एल. स्पर्धा २०२३ च्या मार्चमध्ये मुंबई आणि नव्या मुंबईत सुरू झाली, तेव्हा मुलींना आणि महिलांना प्रवेश मोफत होता आणि पुरुषांचे तिकीट १०० आणि ४०० रुपये होते. म्हणजे नवरा-बायको, सासू, एक मुलगी आणि एक मुलगा अशा पाच जणांच्या कुटुंबाला दोनशे रुपयांत सामना बघता येत होता. दरवेळी मोफत असेल असे नाही, आणि स्पर्धा दरवर्षी आपल्याकडेच भरते असेही नाही. २०२४ साली ती बंगळूर आणि दिल्लीला झाली, २०२६ च्या जानेवारीत पुन्हा नव्या मुंबईत आली. तेव्हा वेळापत्रक जाहीर झाले की आधी गाव बघायचे, मग तारीख.

दुसरा प्रश्न, जायचे कधी? इथे आपली खरी अडचण आहे. खेळाचा हंगाम आणि आपला कामाचा हंगाम एकच. जानेवारी ते मार्च द्राक्षाची तोडणी, एप्रिलमध्ये खरड छाटणी, त्यातच कांद्याची काढणी आणि निवडणी. याच दिवसांत चार पैसे हाताला लागतात आणि याच दिवसांत सामने असतात. रात्रीचा सामना बघायला मुंबईला गेले की एक खाडा पडत नाही, दोन पडतात. एक जायच्या दिवसाचा आणि एक परत आल्यावर झोपेचा. नवरा-बायको दोघेही रोजाने जात असतील तर चार हजेऱ्या बुडाल्या. तिकिटाच्या हिशेबात हे चार रोज कोणी धरत नाही, आणि शनिवारी घरात वाद होतो तो नेमका त्यावरूनच. म्हणून टोळीच्या मुकादमाशी आधी बोलावे. ज्या आठवड्यात एक बाग संपून दुसरी सुरू व्हायची असते, त्या मधल्या दिवसांवर नजर ठेवावी. मुलांच्या परीक्षेची तारीख बघावी. दहावीचे मूल घरात असेल तर त्या वर्षी जाऊ नये, सामने पुढच्या वर्षीही आहेत.

आणखी एक. आय.पी.एल.मध्ये शनिवारी-रविवारी काही वेळा दिवसाला दोन सामने असतात. त्यातला पहिला दुपारी साडेतीनला सुरू होतो आणि दिवे लागल्यावर साडेसातच्या सुमारास संपतो. दुसरा साडेसातला सुरू होऊन साडेअकराच्या आसपास संपतो. लहान मुले आणि वयस्कर माणसे बरोबर असतील तर साडेतीनचा सामना सोयीचा. एप्रिल-मेचे ऊन लागते, पण शेवटची तासभर दिव्यांची मजाही मिळते आणि रात्रीची धावपळ वाचते.

तिसरा प्रश्न, पैसा. वहीचे एक पान घ्या आणि पाच ओळी लिहा. तिकीट, प्रवास, खाणेपिणे, बुडालेली मजुरी आणि अडीअडचण. पाचही ओळींपुढे आकडे पडल्याशिवाय मुलांना तारीख सांगू नका. तिकिटाचे दर सामन्यानुसार आणि गॅलरीनुसार बदलतात, आणि वानखेडेचे दर महिलांच्या सामन्यापेक्षा पुष्कळ जास्त असतात. म्हणून त्या ओळीत ऐकीव आकडा लिहू नये. तिकीट मोबाईलवर अधिकृत विक्री सुरू झाल्यावरच काढावे. गेटबाहेर दुप्पट दराने मिळणारे तिकीट खरे की खोटे हे आपल्याला कळत नाही. आत सोडले नाही तर दोनशे किलोमीटर परत यायचे, आणि तेही रडणारी मुले घेऊन.

पैसे जमवायला आपल्याला बचत गटाची सवय आहेच. तीच रीत इथे वापरावी. समजा वस्तीतल्या आठ कुटुंबांनी आठवड्याला पन्नास रुपये बाजूला टाकले. आठवड्याचे चारशे झाले. पंचवीस आठवड्यांत दहा हजार जमले. ही रक्कम गाडीसाठी ठेवावी आणि तिकीट ज्याचे त्याने काढावे. वही एका भगिनीकडे द्यावी. आमचा अनुभव आहे की बायकांच्या हातातली वही बरोबर राहते. एखाद्या कुटुंबाला ऐनवेळी जमले नाही तर त्याचे पैसे परत कसे करायचे, हे पहिल्याच दिवशी वहीत लिहून ठेवावे, म्हणजे मागून मनस्ताप होत नाही.

चौथा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा, जायचे आणि यायचे कसे? पिंपळगावहून नाशिक तीस किलोमीटर आणि मुंबई साधारण दोनशे. जाणे सोपे आहे. १७ मार्च २०२३ पासून एस.टी.त महिलांना अर्धे तिकीट आहे आणि पंचाहत्तर वर्षांवरील ज्येष्ठांना राज्यात मोफत प्रवास आहे. नाशिकच्या महामार्ग स्थानकावरून मुंबईच्या गाड्या मिळतात. रेल्वेने जायचे तर सकाळची पंचवटी एक्सप्रेस आहे. वानखेडेला जाणाऱ्यांनी दादरला उतरून पश्चिम रेल्वेची लोकल धरून चर्चगेटला जावे, तिथून मैदान चालत जाण्याच्या अंतरावर आहे. डी. वाय. पाटील मैदानाला जाणाऱ्यांनी ठाण्याहून नेरूळची लोकल धरावी.

पण परतीचे काय? पंचवटी संध्याकाळी सहानंतर मुंबईहून निघते, तेव्हा तर साडेसातचा सामना सुरूही झालेला नसतो. सामना सुटतो साडेअकराला. हजारो माणसे एकदम बाहेर पडतात. स्टेशनवर पोचायला अर्धा-पाऊण तास जातो, आणि मध्यरात्रीनंतर थोड्याच वेळात लोकल बंद होतात. त्यातून पाऊस आला तर सगळेच बिनसते. त्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्याच्या दिवशी पावसामुळे खेळ दोन तास उशिरा सुरू झाला आणि संपता संपता मध्यरात्र झाली. जग जिंकल्याचा आनंद मोठा, पण तान्हे मूल काखेत घेऊन फलाटावर रात्र काढणाऱ्या आईला तो किती वेळ पुरणार? म्हणून आम्ही मथळ्यातच म्हटले आहे की, आधी परतीची गाडी ठरवा आणि मगच तिकिटाला हात लावा.

परतीचे दोनच मार्ग आम्हाला पटतात. एक, मुंबई-ठाणे-कल्याण भागात नात्यातले घर असेल तर तिथे मुक्काम करावा आणि सकाळी निघावे. मात्र पाहुण्यांना आधी विचारावे. दहा बाय दहाच्या खोलीत आठ माणसे रात्री एक वाजता धडकली तर घरधनिणीचे काय हाल होतात, हे आपल्याला वेगळे सांगायला नको. जाताना पिंपळगावची द्राक्षे घेऊन जावीत आणि अंथरूण-पांघरूणही आपले न्यावे. दोन, आठ-दहा कुटुंबांनी मिळून क्रूझर किंवा टेम्पो ट्रॅव्हलर करावी, लागल्या तर दोन कराव्यात. पण गाडीपेक्षा ड्रायव्हर महत्त्वाचा. सामना सुटल्यावर निघाले तर घरी पोचायला पहाटेचे चार वाजतात, आणि मध्ये कसाऱ्याचा घाट आहे. ड्रायव्हरने दुपारभर झोप घेतली पाहिजे. त्याला तिकीट काढून सामन्याला नेऊ नये, गाडीतच आराम करू द्यावा आणि त्याच्या जेवणाचे पैसे आपण द्यावेत. तो माणूसही आपल्यासारखाच रोजंदारीवर आहे. गाडीत दारू चालणार नाही, हे निघण्यापूर्वीच सर्वांसमक्ष सांगावे. परतीच्या वाटेवर ड्रायव्हरशेजारी एक जागता माणूस बसवावा. पोरांनी मोटारसायकलवर जायचा हट्ट धरला तर त्याला मुळीच होकार देऊ नये.

पाचवा प्रश्न, गेटवर काय होते? आत पाण्याची बाटली, जेवणाचा डबा, मोठी पिशवी, हेल्मेट आणि मोबाईल चार्ज करायची पॉवर बँक नेऊ देत नाहीत. भाकरी-ठेच्याचे गाठोडे घेऊन गेलो आणि ते गेटवर टाकावे लागले, तर जीव हळहळतो. म्हणून पोटभर जेवण सामन्याआधी बाहेर करावे आणि सामान गाडीत ठेवावे. आत सगळे महाग मिळते, तेव्हा माणशी किती खर्च करायचा ते घरीच ठरवून मुलांना सांगावे. मुलांना वाईट वाटत नाही. आधी कबूल करून मग नाकारले की वाईट वाटते. औषध चालू असेल किंवा तान्ह्याचे दूध न्यायचे असेल तर त्याबद्दलची अट तिकिटाबरोबर दिलेली असते, ती वाचून घ्यावी. लहान मुलाला तिकीट लागते की नाही, हेही तिथेच कळते. दोन तास आधी पोचावे. आयाबहिणींनी आत गेल्याबरोबर स्वच्छतागृह कुठे आहे ते पाहून ठेवावे, मध्यंतरात तिथे मोठी रांग लागते.

गर्दीची भीती वाटते, असे काही भगिनी म्हणतात. त्यांना आम्ही एवढेच विचारतो की, सहा डिसेंबरला आपण दादरला जातो तेव्हा किती गर्दी असते? तिथे आपण लेकरांच्या खिशात नाव आणि फोन नंबर लिहिलेली चिठ्ठी ठेवतो, चुकामूक झाली तर कुठे भेटायचे ते आधी सांगतो, म्हातारीचा हात धरायला एक माणूस नेमून देतो. एवढ्या मोठ्या गर्दीत शिस्तीने जाऊन शिस्तीने परत येणारे आपण लोक. ते शहाणपण आपल्याजवळ आहे. मैदानावर फक्त तेच वापरायचे.

ज्यांना एवढा खर्च आणि एवढी रात्र झेपणार नाही, त्यांनी मन खट्टू करू नये. नाशिकच्या हुतात्मा अनंत कान्हेरे मैदानावर रणजी करंडकाचे सामने होतात. २०२५ च्या जानेवारीत तिथे महाराष्ट्र आणि बडोदा यांचा सामना झाला. हे सामने दिवसा असतात, संध्याकाळच्या एस.टी.ने माणूस घरी येतो. मुलांना गॅलरीत बसायची सवय लावायला यापेक्षा चांगली रंगीत तालीम नाही. आधी नाशिक, मग मुंबई, असा क्रम ठेवला तरी चालेल.

जाता जाता आणखी एक स्पष्ट बोलतो. काही तरुण सामना बघत नाहीत, सामन्यावर पैसे लावतात. मोबाईलवरच्या पैशांच्या खेळांवर संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये बंदीचा कायदा केला, पण गल्लीतला सट्टा कायद्याने एका दिवसात थांबत नाही. तोंडीतोंडी लावलेल्या पैजांत आठवड्याची मजुरी गेलेली घरे आपल्या पाहण्यात आहेत. त्या पैशात सगळ्या घराचे तिकीट आले असते. तिकिटाला घातलेला पैसा निदान एक रात्र देऊन जातो, सट्ट्याचा पैसा घरातली रात्रीची झोप घेऊन जातो.

तर वाचकहो, या रविवारी जेवणे झाल्यावर वही काढा. पाच ओळी लिहा. बचतीचा आकडा ठरवा. आणि सर्वांत आधी घरातल्या बाईला विचारा की, तुला कोणता सामना बघायचा आहे. वर्षानुवर्षे तिने सर्वांसाठी डबे भरले आहेत. एका रात्री तिच्या हातात डबा नको, तिकीट असू द्या. त्यावर जो खुर्चीचा क्रमांक असेल, ती खुर्ची तिची.